सरकारची खात्री

३ सप्टेंबर १९४२ या दिवशी तासगावच्या मामलेदारानं डोक्यावर गांधी टोपी चढवली. हौसेनं नव्हे. आसपासच्या खेड्यांतून चालत आलेली हजारो माणसं कचेरीसमोर उभी होती, आणि त्यांची मागणी साधी होती: कचेरीवर तिरंगा लागावा आणि साहेबानं त्याला वंदन करावं. झेंडा लागला, वंदन झालं आणि लोक आले तसे परत गेले. गोळी सुटली नाही. सहा दिवसांनी वडूजला तसाच मोर्चा निघाला. तिथं मात्र पोलिसांनी बंदुका चालवल्या, आणि वडगावचे परशुराम घार्गे आणि त्यांच्याबरोबरची माणसं पडली. दुसऱ्या दिवशी इस्लामपूरला किर्लोस्करवाडीच्या कारखान्यातले इंजिनिअर पंड्या आणि विष्णू बारपटे गोळीला बळी पडले. वडूज-इस्लामपूरला हुतात्मे झाले म्हणून त्यांची स्मारकं झाली. तासगावात कुणी मेलं नाही, त्यामुळं तो मोर्चा पुस्तकांत दोन ओळींत उरकतो.

मला मात्र त्या दोन ओळींच्या पुढचं वाचायचं असतं. मोर्चा पांगल्यावर काय झालं? टोपी घातलेल्या मामलेदाराची बेअब्रू सरकार विसरणार नव्हतं. धरपकड सुरू झाली, आणि ती करायला पुरावा, साक्षीदार, खटला यांतलं काहीच लागत नव्हतं. १९३९ साली महायुद्ध सुरू होताच भारत संरक्षण कायदा आला होता आणि त्याखालच्या नियमावलीत २६ क्रमांकाचा एक नियम होता. अमुक माणसाला मोकळं ठेवणं सार्वजनिक सुरक्षिततेला घातक आहे अशी सरकारची खात्री झाली की त्याला स्थानबद्ध करता येई. आरोप नाही, वकील नाही, सुटकेची तारीख नाही. शिवाय १२९ क्रमांकाचा नियम होता, त्यात पोलिसांना नुसता संशय पुरे होता. ‘खात्री’ हा मराठीत मोठा घरगुती शब्द आहे. दुकानदार मालाची देतो, सोयरीक जमवणारा मुलाची देतो. सरकारनं तो उचलला तेव्हा त्याचा अर्थ एवढाच राहिला की आम्हाला विचारू नका.

तासगावात सरकार म्हणजे थेट इंग्रज का होतं, हेही सांगायला हवं. गाव पटवर्धनांचं. परशुरामभाऊंच्या घराण्यानं बांधलेलं गणपतीचं देऊळ आणि त्याचं दाक्षिणात्य गोपूर आजही गावाची ओळख आहे. पण ही जहागीर १८४८ साली वारसाअभावी खालसा झाली आणि तासगाव सातारा जिल्ह्यातला एक इंग्रजी तालुका बनलं. भोवती मात्र संस्थानांची गोधडी होती: सांगली, मिरज, औंध, पलीकडं कोल्हापूर. एका गावात इंग्रजांचा फौजदार आणि पुढच्या गावात संस्थानचा. कुंडल औंध संस्थानात होतं, किर्लोस्करवाडीही. औंधच्या राजानं १९३९ साली गांधीजींच्या सल्ल्यानं राज्यकारभार प्रजेच्या हाती सोपवला होता. भूमिगतांच्या दृष्टीनं या नकाशाला सोन्याचं मोल होतं. तासगाव तालुक्यातलं वॉरंट घेऊन निघालेला शिपाई ओढा ओलांडला की दुसऱ्या राज्यात जाई आणि तिथं त्याला आधी परवानगी मागावी लागे. कायद्यानं दिलेलं संरक्षण संपलं तेव्हा लोकांना भूगोलानं थोडं दिलं, असं म्हणायला हरकत नाही.

याच औंध संस्थानानं आटपाडीजवळ स्वतंत्रपूर नावाची वसाहत काढली होती. तिथं शिक्षा झालेले कैदी भिंतींशिवाय राहत, शेती करत. शांतारामबापूंच्या १९५७ च्या ‘दो आँखें बारह हाथ’ला तिथूनच प्रेरणा मिळाली. म्हणजे शिक्षा झालेला गुन्हेगार भिंतीबाहेर आणि ज्यावर कसलाच आरोप नाही तो येरवड्यात भिंतीआड, असं चित्र एकाच काळात, एकाच मुलखात दिसत होतं.

सरकारच्या खात्रीला एकदा मात्र ठेच लागली. मुंबईच्या केशव तळपदे नावाच्या स्थानबद्धाचं प्रकरण दिल्लीच्या फेडरल कोर्टात गेलं. सरन्यायाधीश सर मॉरिस ग्वायर हे इंग्रज, निवृत्तीला टेकलेले. त्यांनी मूळ कायदा आणि नियम शेजारी ठेवून वाचले. कायद्यानं नियम करायचा अधिकार दिला होता तो ज्यांच्यावर ‘वाजवी संशय’ आहे अशांना अडकवण्यापुरता. नियमात मात्र वाजवी संशय गळाला होता आणि त्याच्या जागी सरकारची खात्री बसली होती. २२ एप्रिल १९४३ रोजी कोर्टानं सांगितलं की हा नियम कायद्याच्या मर्यादेबाहेरचा आहे, सबब अवैध. त्या एका वाक्यानं देशभरातल्या हजारो स्थानबद्धांच्या अटकेचा पाया निखळला. आगाखान पॅलेसमध्ये बसलेले गांधीजीही त्यात आले.

सहा दिवस. २८ एप्रिलला व्हाइसरॉय लिनलिथगोंनी वटहुकूम काढला, मूळ कायद्यातले शब्द बदलले आणि तेही मागच्या तारखेपासून. जे बेकायदेशीर ठरलं होतं ते कधी बेकायदेशीर नव्हतंच, असं झालं. इंग्लंडात दोनच वर्षांपूर्वी लिव्हरसिजच्या खटल्यात हाउस ऑफ लॉर्ड्सच्या बहुमतानं मंत्र्याच्या खात्रीपुढं मान तुकवली होती आणि लॉर्ड ॲटकिन एकटे पडले होते. त्या मानानं दिल्लीचं कोर्ट ताठ निघालं, हे नोंदवायला हवं. उपयोग काय झाला, हा वेगळा प्रश्न.

इकडं कृष्णाकाठानं कोर्टाची वाट पाहिली नाही. २४ जुलै १९४३ ला पद्माळ्याच्या वसंतराव पाटलांनी साथीदारांसह सांगलीचा तुरुंग फोडला. पाठलागात अण्णासाहेब पत्रावळे आणि बाबूराव जाधव मारले गेले आणि वसंतदादांच्या खांद्यात गोळी घुसली. त्याआधी ७ जूनला शेणोलीजवळ सरकारी पैशांची गाडी लुटली गेली होती. नाना पाटील, जी. डी. बापू लाड, नागनाथअण्णा नायकवडी यांचं प्रतिसरकार तेव्हा भरात होतं. गावोगाव न्यायदान मंडळं बसत. सावकार, दरोडेखोर, खबरे यांना हजर केलं जाई आणि दोषी ठरलेल्याच्या तळपायांवर काठ्या पडत. लोकांच्या तोंडी ‘प्रतिसरकार’चं ‘पत्रीसरकार’ झालं ते याच कारणानं, असं सांगतात.

या प्रतिसरकाराबद्दल आपल्याकडं फक्त आरती ओवाळून लिहितात. मलाही अभिमान आहे, पण एक खडा दातात लागतोच. तो खबऱ्या खरंच खबऱ्या होता, ही खात्री कुणी केली? त्याला अपील कुठं होतं? गावच्या चावडीत सगळे एकमेकांना ओळखतात, त्यामुळं चूक कमी होते, हे खरं. आणि सगळे एकमेकांना ओळखतात म्हणूनच बांधाचं जुनं भांडण तिथं न्यायाचा वेष घेऊन येऊ शकतं, हेही खरं. इंग्रजांचा नियम २६ आणि प्रतिसरकारच्या तुफान सेनेची काठी यांना एका पारड्यात घालायचं नाही. एकीमागं साम्राज्य होतं आणि दुसरीमागं नागवलेला शेतकरी. तरी सत्ता आणि घाई एकत्र आली की पुरावा सगळ्यांनाच जड वाटू लागतो, हे आपल्याच मातीत घडलंय.

त्या काळातलं एक घर बघू. देवराष्ट्र्यात जन्मलेले, कराडात वाढलेले यशवंतराव चव्हाण त्या मोर्च्यांच्या आखणीतले एक होते. मोर्चे झाले आणि ते भूमिगत झाले. सरकारनं त्यांना पकडून देणाऱ्याला हजार रुपयांचं इनाम लावलं. लग्न २ जून १९४२ चं, म्हणजे संसार दोन-अडीच महिन्यांचा. नवरा सापडत नाही म्हणून वेणूताईंना धरून नेलं. लग्नानंतरची पहिली संक्रांत, आणि घरची नवी सून कोठडीत. मधले भाऊ गणपतराव तुरुंगात. थोरले भाऊ शस्त्रक्रियेनंतर दगावले. वेणूताई सुटल्या त्या आजारी होऊन, फलटणला माहेरी गेल्या. मे १९४३ मध्ये यशवंतराव त्यांना भेटायला फलटणला गेले आणि तिथंच पकडले गेले. एका माणसाबद्दल सरकारची खात्री झाली की ती त्याच्यापुरती राहत नाही, आधी उंबऱ्याच्या आत येते. हे यशवंतरावांना कुणी पुस्तकातून शिकवायची गरज नव्हती.

म्हणून तर पुढची गोष्ट सांगण्यासारखी.

स्वातंत्र्य आलं. संविधान सुरू होऊन महिना झाला नव्हता तेव्हा, फेब्रुवारी १९५० च्या अखेरीस, सरदार पटेलांनी प्रतिबंधक स्थानबद्धता कायदा संसदेत मांडला आणि एका दिवसात तो मंजूर झाला. दोन रात्री झोप लागली नाही, असं त्यांनी तेव्हा सांगितलं. कायदा वर्षाचा होता, तो मुदतवाढ घेत घेत जवळजवळ वीस वर्षं चालला. त्यातही सरकारची ‘खात्री’ होतीच. खरं तर संविधानाच्या २२ व्या कलमातच स्थानबद्धतेला जागा करून ठेवली होती. शांततेच्या काळातही विनाचौकशी अटकेची सोय मूलभूत हक्कांच्याच प्रकरणात ठेवणारी लोकशाही सहसा सापडत नाही.

१९६२ ला चीनचं युद्ध झालं, आणीबाणी आली आणि भारत संरक्षण कायदाही त्याच नावानं परत आला. यशवंतराव तेव्हा संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेले. सह्याद्री हिमालयाच्या मदतीला धावला म्हणून आपण भारावलो होतो, आणि महाराष्ट्रात कम्युनिस्टांना उचललं जात होतं. त्यांतले प्रभाकर संझगिरी. ते मुंबईच्या तुरुंगात होते. बसल्या बसल्या त्यांनी मराठीत एक पुस्तक लिहिलं, ‘अणूच्या अंतरंगात’. विषय मूलकण, अणूची रचना. त्यात ना चीन, ना क्रांती. हस्तलिखित बायकोकडं पाठवून छापायची परवानगी मागितली तर राज्य सरकारनं नकार दिला. उच्च न्यायालयानं परवानगी दिली, तर सरकार अपिलात गेलं. मराठी भाषेच्या उत्कर्षासाठी जन्मलेलं महाराष्ट्र राज्य मराठीतलं विज्ञानाचं पुस्तक रोखायला सर्वोच्च न्यायालयात उभं राहिलं. ६ सप्टेंबर १९६५ ला न्यायमूर्ती सुब्बा राव यांनी अपील फेटाळलं. कैद्याला स्थानबद्ध करण्याची सत्ता म्हणजे त्याच्या प्रत्येक हालचालीवर वाटेल ती बंदी घालण्याची सत्ता नव्हे, असा त्याचा आशय. अणू तुरुंगातून सुटला. लेखक आतच होता.

नोव्हेंबर १९६६ मध्ये यशवंतराव गृहमंत्री झाले. १९४२ ला ज्याच्या नावाचं वॉरंट कृष्णाकाठी हिंडत होतं तो माणूस आता देशभरच्या पोलिसांच्या फायली पाहणार होता. त्यांच्या समोर एक अर्धवट काम होतं. जून १९६६ मध्ये बेकायदेशीर कृत्यांना आळा घालणारा एक वटहुकूम निघाला होता. देशातून फुटून निघण्याची भाषा करणाऱ्या संघटनांना रोखणं हा त्याचा हेतू होता. १९६३ च्या सोळाव्या घटनादुरुस्तीनं तशी वाट मोकळी केली होती. द्रविड चळवळ, ईशान्येतली बंडं, काश्मीर हे तेव्हाचे धसके होते. यशवंतरावांच्या खात्यानं कायदा आणला आणि ३० डिसेंबर १९६७ ला तो लागू झाला. आज ज्याला आपण ‘यूएपीए’ म्हणतो तो हा. १० जानेवारी १९६८ ला चीनच्या युद्धापासूनची आणीबाणी अखेर उठली. एक हत्यार म्यानात गेलं तेव्हा दुसरं आधीच भिंतीला टांगलं गेलं होतं.

यशवंतरावांवर अन्याय होऊ नये म्हणून सांगतो, की त्यांचा कायदा आजच्या कायद्यासारखा नव्हता. त्यात दहशतवाद हा शब्द नव्हता, विनाचौकशी स्थानबद्धता नव्हती. संघटनेवर बंदी घालायची तर उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशापुढं सहा महिन्यांत ती टिकवून दाखवावी लागे. आणि ते गृहमंत्री असतानाच ३१ डिसेंबर १९६९ ला १९५० चा प्रतिबंधक स्थानबद्धता कायदा मुदत संपून विझला. काँग्रेस फुटली होती, इंदिराबाईंचं सरकार इतरांच्या आधारावर उभं होतं, आणि मुदतवाढीला तो आधार मिळणार नव्हता. स्वातंत्र्य कधी तत्त्वानं मिळतं, कधी बहुमत नसल्यानं. दोन्ही चालतं. पण १९४२ चा हा माणूस कायदा आणताना ‘खात्री’ या शब्दावर क्षणभर तरी थबकला असेल का, असं मनात आल्याशिवाय राहत नाही.

पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे, म्हणून भरभर. १९७१ ला मिसा हा नवा स्थानबद्धता कायदा आला. जून १९७५ ला आणीबाणी आली, आणि अटकेचं कारण सांगायचंही बंधन गेलं. शहा आयोगाच्या हिशेबानं मिसाखाली ३४,९८८ माणसं आत गेली. यशवंतराव परराष्ट्रमंत्री होते आणि मंत्रिमंडळातच राहिले. २८ एप्रिल १९७६ ला सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की या काळात स्थानबद्धाला कोर्टाचं दार ठोठावता येणार नाही. बहुमतात पुण्याचे यशवंत विष्णू चंद्रचूड होते, आणि विरोधात एकटे हंसराज खन्ना. फेडरल कोर्टानं ३३ वर्षांपूर्वी इंग्रजांना जे सुनावलं ते आपल्या कोर्टाला आपल्या सरकारला सुनावता आलं नाही. जनता राजवटीत मिसा रद्द झाला, ४४ वी घटनादुरुस्ती झाली, तीत सल्लागार मंडळाच्या मताविना स्थानबद्ध ठेवण्याची मुदत तीनवरून दोन महिन्यांवर आणायचं ठरलं. संसदेनं मंजूर केलेला तो भाग अंमलात आणायची अधिसूचना आजवर एकाही सरकारनं काढलेली नाही. त्यात तेव्हा तुरुंग भोगलेल्यांचीही सरकारं आली.

दहशतवादविरोधी टाडा आला नि १९९५ ला गेला. १९९९ ला महाराष्ट्रानं संघटित गुन्हेगारीसाठी मोक्का केला. त्यात पोलीस अधीक्षकापुढं दिलेला कबुलीजबाब पुरावा धरला जातो, जामीन दुर्मीळ, आरोपपत्राला १८० दिवसांपर्यंत मुदत. मुंबईच्या टोळ्या तेव्हा खंडणीसाठी दिवसाढवळ्या माणसं मारत होत्या आणि साक्षीदार कोर्टात फिरकत नव्हते, हे विसरून या कायद्याला नावं ठेवणं सोपं आहे. केंद्राचा पोटा २००२ ला आला, २००४ ला रद्द झाला. रद्द झाला म्हणजे त्यातली दहशतवादाची कलमं यशवंतरावांच्या जुन्या कायद्यात आणून ठेवली. घर पाडलं आणि सामान शेजाऱ्याकडं हलवलं, तशातला प्रकार.

याच सुमारास तासगावचा माणूस महाराष्ट्राचा गृहमंत्री झाला. अंजनीचे रावसाहेब रामराव पाटील, सगळ्यांचे आबा. १९९० पासून तासगावचे आमदार. ग्रामविकासमंत्री असताना गाडगेबाबांच्या नावानं हातात खराटा घेतलेला हा माणूस आता पोलिसांचा मंत्री झाला. २००७ साली त्यांनी तंटामुक्त गाव मोहीम काढली: गावातला तंटा गावातच, समजुतीनं मिटवायचा. न्यायदान मंडळांच्या मुलखातल्या माणसाला हे सुचावं यात नवल नाही. यावेळी काठी तेवढी वगळली होती.

पण त्याच गृहमंत्र्याच्या काळात ११ जुलै २००६ च्या संध्याकाळी मुंबईच्या लोकलमध्ये सात स्फोट झाले. पावणेदोनशेहून जास्त माणसं कामावरून घरी पोचलीच नाहीत. दोन महिन्यांनी मालेगावात स्फोट झाले. दोन्हीकडं मोक्का लागला, दोन्हीकडं कबुलीजबाब आले. मालेगावात पकडलेले नऊ जण पाच वर्षांनी जामिनावर सुटू लागले आणि २०१६ ला कोर्टानं त्यांना आरोपमुक्त केलं. तपास चुकीच्या माणसांभोवती फिरला होता. चुकीच्या माणसाला धरलं की खरा मोकळा राहतो. स्वातंत्र्य विरुद्ध सुरक्षितता असा तराजू मांडणारे हा हिशेब बहुधा धरत नाहीत.

२६ नोव्हेंबर २००८ ला सुरू झालेल्या मुंबईवरच्या दहशतवादी हल्ल्यात १६६ माणसं मेली. सातारा जिल्ह्यातल्या केडंब्याचे तुकाराम ओंबळे यांनी काठीनिशी हल्लेखोर कसाबची बंदूक धरली आणि गोळ्या अंगावर घेतल्या. एका बेसावध वाक्यापायी आणि जनक्षोभापायी आबांनी १ डिसेंबरला राजीनामा दिला. त्याच महिन्यात संसदेनं यूएपीए कडक केला. आता खात्रीची दिशाच उलटली: आरोप सकृद्दर्शनी खरे वाटले तर कोर्टानं जामीन द्यायचाच नाही. गंमत अशी की कसाबचा खटला मात्र रीतसर चालला. त्याला वकील मिळाला, साक्षीपुरावे झाले, फोटो आणि प्रत्यक्षदर्शी होते. त्याच खटल्यातले दोन भारतीय आरोपी पुराव्याअभावी सुटले आणि कसाबला नोव्हेंबर २०१२ मध्ये येरवड्यात फाशी झाली. तेव्हा गृहमंत्री पुन्हा आबाच होते.

१६ फेब्रुवारी २०१५ ला आबा गेले. लोकल स्फोटांच्या खटल्याचा निकाल त्यांनी पाहिला नाही. त्याच वर्षी विशेष न्यायालयानं बारा जणांना दोषी धरलं, पाच जणांना फाशी सुनावली.

दहा वर्षं गेली. १० जुलै २०२५ ला विधानसभेनं विशेष जनसुरक्षा विधेयक आवाजी मतदानानं मंजूर केलं. संघटना बेकायदेशीर ठरवण्याचा अधिकार सरकारला, आणि मग सल्लागार मंडळ. दुसऱ्या दिवशी विधान परिषदेनंही ते मंजूर केलं. विसापूरचे वि. स. पागे, ज्यांचं नाव तासगावच्या १९४२ च्या मोर्चात पुढं होतं, ते याच परिषदेचे कैक वर्षं सभापती होते. विधेयक परिषदेत मंजूर झाल्यावर दहा दिवसांनी, २१ जुलैला, मुंबई उच्च न्यायालयानं लोकल स्फोटातल्या बाराही जणांची शिक्षा रद्द केली. कबुलीजबाब छळ करून घेतलेले, साक्षी विश्वास ठेवण्याजोग्या नाहीत, आरोप सिद्ध करण्यात सरकार पूर्ण अपयशी, असं कोर्ट म्हणालं. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आहे. सुटलेल्यांपैकी एक जण सुटायला हजर नव्हता. तो २०२१ मध्ये कोविडनं नागपूरच्या तुरुंगातच वारला होता, फाशीची शिक्षा डोक्यावर घेऊन.